माघारी : वर चढणाऱ्या नदीच्या देखाव्याच्या नोंदी

कोथरूडमधल्या आमच्या सोसायटीच्या गणपतीसाठी २०२४ साली मुलांनी रचलेल्या एका काल्पनिक देशातली नदी उभी केली. देशाचं नाव निवाळ, नदीचं नाव माघारी. ती समुद्रात उगम पावते आणि डोंगराकडे चढत जाते. पाणी खरं, थेंब खरे, आणि बघणाऱ्याला ते एकामागून एक वर जाताना दिसतात. असा देखावा करायचा विचार कुणाच्या मनात असेल तर आमचा वेळ आणि पैसा कुठे गेला ते आधी कळावं, म्हणून कामाच्या वेळीच लिहिलेल्या या नोंदी थोड्या साफ करून इथे ठेवते.

३० जून, रविवार

पहिली बैठक क्लब हाऊसमध्ये. मोठ्यांनी नेहमीचे विषय सुचवले. पाचवी ते नववीची मुलं मात्र मे महिन्यापासून एका वहीत निवाळचा नकाशा काढत होती आणि त्यांना तोच करायचा होता. वही बघितल्यावर मी त्यांच्या बाजूने उभी राहिले.

नदी वर का चढते, यावर बराच वाद झाला. "ताई, जादूची आहे म्हणून," हे उत्तर सातवीतल्या मुलीनेच हाणून पाडलं. तिचा प्रश्न होता, रोज पाणी वर जातंय तर डोंगर बुडत कसा नाही? एकाने सांगितलं, वरच्या तळ्याला तळच नाही. ती म्हणाली, "तळ नाही म्हणजे तुला पुढचं सुचलं नाही." शेवटी सगळ्यांत धाकट्याने तोडगा काढला : निवाळमध्ये ढग नाहीत. पाऊसच नाही. समुद्राचं पाणी डोंगरावर न्यायचं काम माघारी करते आणि तिथून बाकीच्या साध्या नद्या खाली येतात. माघारी थांबली तर सगळा देश कोरडा.

जून अखेरीस खडकवासला, पानशेत, वरसगाव, टेमघर या धरणांतल्या पाण्याचे आकडे रोज पेपरात वाचणाऱ्या मुलांना हे सुचावं, यात मला नवल वाटलं नाही. मला आनंद झाला तो वेगळ्या कारणाने. नियम ठरला आणि देखाव्यात काय दाखवायचं तेही ठरलं : नदी चढते, नदी थबकते, नदी रुसून खाली वाहते. तीन अवस्था. बाकी सगळं सजावट.

७ जुलै, रविवार

पाणी वर चढताना दाखवायचे दोन मार्ग होते. एक, दिव्यांची पट्टी लाटांच्या अॅक्रिलिकखाली पळवायची. सोपं, स्वस्त, आणि बघणाऱ्याला लगेच कळतं की दिवे पळतायत. दुसरा, लुकलुकत्या प्रकाशाचा. पाण्याची धार ठरावीक वेगाने थेंबांत तोडायची आणि त्याच्याच जवळपासच्या वेगाने दिवा चमकवायचा. सेकंदाला जितके थेंब, तितक्याच चमका असतील तर थेंब हवेत टांगल्यासारखे दिसतात. चमका किंचित जास्त झाल्या तर प्रत्येक थेंब आधीच्या थेंबाच्या जागेपर्यंत पोहोचायच्या आतच दिसतो, म्हणून ओळ वर सरकते. चमका कमी केल्या की खाली.

म्हणजे मुलांच्या तिन्ही अवस्था एका बटणावर. धबधब्यासाठी हा मार्ग आणि दरीतल्या लांब पात्रासाठी दिव्यांची पट्टी, असं ठरवलं.

१४ जुलै, रविवार

पहिला प्रयोग घरच्या मोरीत. मत्स्यालयाला हवा देणारा छोटा पंप उघडला. त्यातला दांडा विजेच्या वारंवारतेने, म्हणजे सेकंदाला ५० वेळा, थरथरतो. तो पाण्याच्या नळीला टेकवला. धार सुरेख तुटली. दिवे म्हणून जांभळ्या अतिनील एलईडीची १२ व्होल्टची पट्टी, ती आर्डुइनोवरून, म्हणजे प्रोग्रॅम करता येणाऱ्या एका छोट्या सर्किट बोर्डावरून, सेकंदाला ५१ वेळा चमकवली.

चढली. सेकंदाला एका थेंबाच्या अंतराने, शांतपणे, नळाच्या तोंडात परत जाताना दिसली. घरातले सगळे मोरीच्या दारात उभे होते आणि कुणीच काही बोलत नव्हतं.

दिव्याचा उजेड मात्र फार कमी. चमक जेमतेम अर्धा मिलिसेकंद, त्यामुळे पट्टी बहुतांश वेळ बंदच असते. शिवाय पट्टी चालू-बंद करणारा मॉस्फेट हाताला चटका बसेल इतका तापत होता. तपकीर गल्लीतल्या दुकानदाराने मागितलेला भाग दिला होता, पण तो आयआरएफ ५४०. आर्डुइनोच्या ५ व्होल्टवर तो पुरता उघडत नाही. आयआरएलझेड ४४ एन घेतला, तापणं थांबलं आणि उजेडही वाढला. फरक फक्त पाच-पन्नास रुपयांचा. त्याच्या शोधात एक अख्खी संध्याकाळ गेली.

१७ जुलै, बुधवार

जुन्या बाजारातून चार इंची स्पीकर दोन, अॅल्युमिनियमची चौकोनी नळी, लोखंडी स्टँड. एकूण ९५० रुपये. स्पीकर पुढे लागतील असं तेव्हा वाटलं नव्हतं, कथेच्या आवाजासाठी घेतले होते.

२१ जुलै, रविवार

एका नोझलवरून बारा नोझलवर जायचा पहिला प्रयत्न पूर्ण फसला. कूलरच्या पंपाने थेट नळीत पाणी सोडलं. प्रत्येक नोझलची धार वेगळी. पंपाजवळची जोरात, टोकाची मरगळलेली, आणि विजेचा दाब हलला की सगळ्याच नाचत होत्या.

आमच्या तिसऱ्या मजल्यावरचे काका नदीच्या आणि धरणाच्या प्रतिकृतींवर काम करून निवृत्त झाले आहेत. खडकवासल्याला १९१६ पासूनची केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन संस्था आहे आणि तिथे खऱ्या नद्यांच्या लहान प्रतिकृती करून त्यांत पाणी सोडून बघतात, हे पुण्यात बऱ्याच जणांना ठाऊक नसतं. काकांनी दोन मिनिटं बघितलं आणि म्हणाले, "पंपाला नदी चालवू देऊ नकोस. पंपाने फक्त टाकी भरायची. नदी टाकीतून निघते."

वर एक उथळ टाकी. पंप तिच्यात गरजेपेक्षा जास्त पाणी टाकतो, जास्तीचं पाणी एका काठावरून सांडून परत खाली येतं. त्यामुळे टाकीतली पातळी कधीच हलत नाही. नोझल पातळीच्या बरोबर १० सेंटीमीटर खाली. पाणी सेकंदाला साधारण १.४ मीटर वेगाने बाहेर पडतं, पंप काहीही करो. एका ४ मिलिमीटरच्या नोझलला मिनिटाला एक लिटरच्या आसपास पाणी लागतं, म्हणून बारा नोझलना बारा, आणि सांडायला वर थोडं.

टाकी गॅल्व्हनाइज्ड पत्र्याची करून घेतली, १,४०० रुपये.

२५ जुलै, गुरुवार

काम नाही. पहाटेपासून मुठेला पूर, सिंहगड रस्त्यावरच्या एकतानगरीत घरांत पाणी शिरलं. दिवसभर फोन आणि धावपळ. आमच्या सोसायटीतल्या दोन घरांचे नातेवाईक तिथे राहतात, ते संध्याकाळी इकडे आले.

२८ जुलै, रविवार

मुलांच्या मूळ कथेत माघारी रुसते तेव्हा खालच्या गावात पूर येतो, आणि तो मोठ्या आवाजात, विजांच्या लखलखाटात दाखवायचा होता. आज त्यांनीच तो प्रवेश काढून टाकला. ज्याची आत्या एकतानगरीतून आली होती तो म्हणाला, "ताई, आपण तो भाग नको करू या." कुणी कारण विचारलं नाही.

नव्या कथेत माघारीत कुणी घाण टाकली तर ती रुसते आणि साध्या नदीसारखी खाली वाहू लागते. पूर येत नाही, वरच्या तळ्यातलं पाणी हळूहळू आटतं. ओढकरी म्हणून तिथे माणसं आहेत. निवाळमध्ये होड्या वर आपोआप जातात, खाली आणायला मात्र दोर लागतो, तो धरणारे हे लोक. ओढकरी नदी साफ करतात, अमावास्येला नदी एक घटका, म्हणजे २४ मिनिटं, थबकते, आणि मग पुन्हा चढते.

मला ही कथा पहिलीपेक्षा चांगली वाटते. नदी इथे शिक्षा करत नाही. ती फक्त आपलं काम थांबवते.

४ ऑगस्ट, रविवार

डोंगर. २०१८ पासून राज्यात सजावटीच्या थर्माकोलवर बंदी आहे, आणि तसंही मुलांना दिवाळीच्या किल्ल्याचा सराव असल्यामुळे थर्माकोलची गरज कुणालाच वाटली नाही. बुरूड आळीतून बांबूच्या कामट्या, त्यावर गोणपाट, त्यावर चिखल आणि शाडूचा लेप. खालच्या थराला विटा आणि दगड. चढाच्या भागावर अळीव पेरायचा, स्थापनेच्या आधी पाच-सहा दिवस.

पाण्याजवळचा चिखल दोन तासांत वाहून खाली कुंडात आला आणि पंप चोंदला. धबधब्याच्या मागचा कडा आता पत्र्याचा, काळ्या रंगाचा. मागचा भाग जितका काळा तितके थेंब स्पष्ट, म्हणून तो मॅट रंगातच हवा. चकचकीत ऑइलपेंट लावला तर प्रत्येक थेंबाचं प्रतिबिंब दिसतं. आम्ही आधी तोच लावला होता, वर पुन्हा मॅट मारावा लागला.

१० ऑगस्ट, शनिवार

पाणी चमकायला हवं. अतिनील प्रकाशात नुसतं पाणी जवळजवळ दिसत नाही. बी-कॉम्प्लेक्सच्या गोळ्या विरघळवल्या, त्यातलं बी-२ जीवनसत्त्व पिवळंहिरवं उजळतं. पहिला तासभर अप्रतिम. नंतर फिकं पडत गेलं, रात्रीपर्यंत जवळजवळ गेलं. बी-२ प्रकाशाने नासतं, आणि आपण त्याच्यावर अतिनील प्रकाशच टाकतोय.

पिवळ्या हायलायटर पेनांच्या आतल्या कांड्या पाण्यात भिजवल्या. ४० लिटरला सहा पेनं पुरतात, एका संध्याकाळी फारशी फिकी होत नाहीत. खर्च दिवसाला दीडशे रुपये. मुलांनी वर्गातली वाळलेली पेनंही गोळा करून आणली, त्यांतही बराच रंग उरलेला असतो.

१५ ऑगस्ट, गुरुवार

झेंडावंदनानंतर सगळ्या सोसायटीसमोर चाचणी. दुपारी वीज गेली. जनरेटर सुरू केला आणि माघारी खाली वाहू लागली.

लोकांना वाटलं हा कथेचाच भाग आहे. मुलांना मात्र कळलं की कुणीही बटण दाबलेलं नाही. ती घाबरून माझ्याकडे बघत होती.

कारण संध्याकाळी सापडलं. थेंब तोडणारा दांडा विजेच्या तालावर चालतो आणि दिवा आर्डुइनोच्या. महावितरणच्या विजेचा ताल ५० च्या अगदी जवळ राहतो, त्यामुळे इतके दिवस काही जाणवलं नाही. जनरेटरवर भार कमी असला की तो ५० च्या वर जातो. आमचा ५२ च्या आसपास होता. थेंब ५२, चमका ५१. नदीने तिच्या नियमाप्रमाणेच केलं.

या कामातली सगळ्यांत महत्त्वाची गोष्ट मी इथे लिहून ठेवते : थेंब आणि उजेड एकाच घड्याळावर चालले पाहिजेत. ५० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला ५० वेळा थरथरणाऱ्या, पंपाचा मार्ग घरी, एका नोझलसाठी, ठीक आहे. मंडपात नको.

दुसरंही एक कारण होतं. लुकलुकत्या प्रकाशाने काही लोकांना आकडी येऊ शकते. सेकंदाला १५ ते २५ चमका सर्वांत वाईट, पण धोका त्याच्या बराच वरपर्यंत राहतो. ५० मला पहिल्यापासून खटकत होते. डोळ्यांना ते थोडे लुकलुकतानाही दिसायचे. आता ६० च्या वरच जायचं ठरलं.

१८ ऑगस्ट, रविवार

जुन्या बाजारातले दोन्ही स्पीकर कामी आले. बारा नोझल बसवलेली अॅल्युमिनियमची नळी दोन टोकांना स्पीकरच्या पडद्यांवर टेकवली, टाकीपासून तिला मऊ सिलिकॉन नळीने जोडलं. स्पीकर आर्डुइनो हलवणार, दिवाही आर्डुइनोच. दोन्हीचं घड्याळ एकच. ते थोडं पुढे-मागे झालं तरी दोन्ही बरोबरच सरकतात, फरक तोच राहतो.

तीन वॉटचा छोटा अॅम्प्लिफायर बोर्ड नळी हलवायला कमी पडला, टीडीए २०३० चा घेतला. मग दुसरा त्रास : प्रत्येक मोठ्या थेंबामागे एक बारीक पिल्लू थेंब. ते वेगळ्या वेगाने पडतात आणि सगळी ओळ धुरकट दिसते. स्पीकरला चौकोनी लाट देत होतो. मध्ये एक रोध (रेझिस्टर) आणि धारित्र (कपॅसिटर) घालून तिचे कोपरे गोल केले, पिल्लं जवळजवळ गेली. आवाज वाढवून बघण्यात आम्ही खूप वेळ घालवला, त्याचा काही उपयोग होत नाही. उलट कमी हलवलं तर थेंब जास्त एकसारखे.

नळी मधोमध किंचित वाकते, त्यामुळे मधले थेंब कडेच्या थेंबांच्या थोडे मागे असतात. ही चूक दुरुस्त करायला जाड नळी आणली होती. पण अंधारात बघितलं तर त्या फरकामुळे चढत्या पाण्याला हलकी कमान येते. जाड नळी परत केली.

२१ ऑगस्ट, बुधवार

किती हर्ट्झ? ४ मिलिमीटरच्या धारेला आपोआप तुटताना साधारण १८ मिलिमीटरच्या तुकड्यांत तुटायला आवडतं. १.४ मीटर वेगाला ते ७८ च्या आसपास येतं. म्हणून ७५ वर थेंब आणि ७६.५ वर चमका ठेवल्या. फरक दीडचा. अर्धा ठेवला तर नदी इतकी सावकाश चढते की लहान मुलं कंटाळतात, तीनच्या पुढे घाई वाटते.

एक गोष्ट मी आधी कल्पना केली नव्हती. पडताना थेंबांचा वेग वाढतो, म्हणून वर ते जवळजवळ असतात आणि खाली लांब लांब. उलट दिशेने बघितलं की पाणी तळातून जोरात निघतं आणि वर जाता जाता मंदावतं. हातातून चेंडू वर फेकल्यावर तो जसा जातो तसंच. जादू असूनही डोळ्यांना ते पटतं. सातवीतली मुलगी बराच वेळ बघत राहिली आणि म्हणाली, "तिला चढायला कष्ट पडतायत." ते वाक्य निवेदनात घेतलं.

२४ ऑगस्ट, शनिवार

मोबाइलच्या व्हिडिओत नदी वाईट दिसते. काळे पट्टे सरकतात. सगळे जण चित्रीकरण करणार, तेव्हा हे सोडून देण्यासारखं नाही. बहुतेक फोन सेकंदाला ३० चित्रं घेतात. ७६.५ ला ३० ने पूर्ण भाग जात नाही, त्यामुळे एका चित्रात दोन चमका येतात, दुसऱ्यात तीन. चमका ९० केल्या, थेंब ८८.५. प्रत्येक चित्रात तीनच चमका, पट्टे जवळजवळ गायब. धार ८८ वरही नीट तुटते, थेंब थोडे जवळ येतात इतकंच : वर दीड सेंटीमीटर, ९० सेंटीमीटर खाली पाच. तळाकडची विरळ ओळ खडकांमागे लपवली.

डोळ्यांनाही ९० जास्त बरे, लुकलुक अजिबात कळत नाही. हेच शेवटचे आकडे.

उजेडासाठी पट्टीची चार रिळं दोन्ही बाजूंना उभी लावली, चमक ०.८ मिलिसेकंद. त्याहून लांब केली तर खालचे थेंब काड्यांसारखे दिसतात.

१ सप्टेंबर, रविवार

मंडप उभा. अळीव पेरला. दरीतल्या पात्राची दिव्यांची पट्टी बसवली. पाच मीटरच्या पट्टीला एकाच टोकाने वीज दिली तर दुसरं टोक पिवळसर पडतं, दोन्ही टोकांना आणि मध्ये एकदा वीज द्यावी. बाकी त्यात सांगण्यासारखं काही नाही.

कुंडात पाणी पडून बारीक तुषार उडत होते आणि तेही चमकत होते, सगळा काळोख मळत होता. फिल्टरचा जाड स्पंज कुंडात तिरका ठेवला. तुषार थांबले, आवाजही गेला. आवाज जाणं महत्त्वाचं, कारण पाणी पडल्याचा आवाज आला की ते चढतंय यावर विश्वास बसत नाही.

३ सप्टेंबर, मंगळवार

रात्री पाऊस, ताडपत्री एका कोपऱ्यात साचून गळली, विजेचा गळती-रक्षक, म्हणजे गळती झाली की वीज तोडणारा खटका, पडला. तो होता म्हणून फक्त पडला. पाण्याजवळ २३० व्होल्टवर चालणारी एकच वस्तू होती, पंप. तो काढून २४ व्होल्टचा पंप बसवला, १,८०० रुपये. आता कुंड, डोंगर, दिवे, सगळं २४ व्होल्ट किंवा त्याहून कमी, आणि वीजपुरवठ्याचे डबे मंडपाच्या मागे कोरड्या जागी, जमिनीपासून वर. मुलं ओल्या हातांनी सगळीकडे फिरतात. हा खर्च पहिल्या दिवशीच करायला हवा असं मी प्रत्येकाला सांगेन.

७ सप्टेंबर, शनिवार – स्थापना

शाडूची मूर्ती वाजतगाजत आली. ढोल मंडपासमोर आले आणि माघारी विस्कटली. थेंब एकमेकांवर आदळून नुसतं धुकं. धार कंपनांना इतकी नाजूक असते की ढोलाचा ठोका जमिनीतून स्टँडमध्ये आणि स्टँडमधून नळीत जातो.

आरती होईपर्यंत देखावा बंद ठेवला. मग स्टँडच्या चारही पायांखाली जाड रबर, त्यावर फोम, आणि टाकीखालीही तसंच. ढोल अगदी दारात असले तर अजूनही थोडी थरथरते. पलीकडच्या रस्त्यावरून गेले तर कळत नाही.

रात्री पहिला खेळ. एका वेळी वीस माणसं, काळ्या कापडाची खोली, आधी अर्धा मिनिट पूर्ण अंधार म्हणजे डोळे तयार होतात. बाहेर पाटी : आत दिवे वेगाने चमकतात, फिट येण्याचा त्रास असेल तर आत येऊ नये. एक बाई पाटी वाचून बाहेरच थांबल्या. धाकट्याने त्यांना बाहेर बसून वहीतली पूर्ण कथा वाचून दाखवली, नकाशासकट. पुढचे सगळे दिवस तो बाहेरचाच निवेदक झाला.

१० सप्टेंबर, मंगळवार

गौरी आल्या, गर्दी दुप्पट. कापडाच्या खोलीत उकाडा असह्य. मागच्या बाजूला वर एक एक्झॉस्ट पंखा लावला, पण त्याच्या वाऱ्याने कडेच्या दोन धारा वाकल्या. पंखा दाराच्या बाजूला हलवला.

या दिवसांत डेंग्यूची भीती असते, म्हणून कुंड आणि टाकी रोज रात्री पूर्ण रिकामी करून पुसतो आणि दुपारी नवं पाणी भरतो. कंटाळवाणं काम आहे. आठवी-नववीच्या मुलांनी पाळ्या लावून घेतल्या आहेत आणि स्वतःला ओढकरी म्हणवून घेतात.

१३ सप्टेंबर, शुक्रवार

आज नदी थबकण्याचा प्रवेश लांबवला. आधी दहा सेकंद होता. थेंब हवेत थांबले की लोक पुढे झुकून बघतात, बोट लावायला जातात, आणि त्यांना पुरेसा वेळ मिळत नव्हता. आता चाळीस सेकंद. बोट घातलं की त्याच्या खालचे थेंब नाहीसे होतात, पण वरचे तिथेच असतात. एका आजोबांनी तीनदा रांग लावून तीनदा बोट घातलं. मुलांना वाटलं होतं कडं करून अडवावं लागेल. अडवायचं नाही असं ठरलं, फक्त पुढचा खडक घट्ट बसवला.

१९ सप्टेंबर, गुरुवार

परवा विसर्जन झालं, सोसायटीतच हौदात. आज सुटं केलं. गोणपाट आणि बांबू दिवाळीच्या किल्ल्यासाठी गच्चीवर. शाडू भिजवून ठेवला.

एकूण खर्च १६,३०० रुपये. त्यातले साधारण साडेतीन हजार वाया गेले : कूलरचा पंप, ऑइलपेंट, पहिला अॅम्प्लिफायर, चुकीचे मॉस्फेट, आणि एकदा उलटी जोडणी होऊन जळलेलं पट्टीचं एक रिळ. पत्र्याची टाकी, नोझलची नळी, स्पीकर, पंप आणि वीजपुरवठा पुन्हा वापरता येतील.

नव्याने करणाऱ्याने आधी एक नोझल, दोन स्पीकरऐवजी एकच स्पीकर आणि पट्टीचं एकच रिळ घेऊन घरी अंधाऱ्या खोलीत सगळं जमवावं. त्याला अडीच हजारांच्या आत खर्च येतो. ते जमल्याशिवाय बारा नोझलची नळी कापू नये. नोझलची भोकं एकाच ड्रिल बिटने, एकाच दिवशी पाडावीत आणि आतली कड घासून घ्यावी, नाहीतर धार तिरकी जाते.

वही मुलांकडे आहे. निवाळच्या नकाशात डोंगरापलीकडचा भाग अजून कोरा होता. काल तिथे कुणीतरी पेन्सिलने दुसरी एक नदी काढली आहे, आणि ती कोणत्या दिशेने वाहते यावर पार्किंगमध्ये भांडण चालू आहे.